थोरातांच्या कागदाबद्दल: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात यांच्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, 'माणूस कोल्हापूरचा म्हणून तुम्ही त्याला डोक्यावर घेतलंय. 1962 साली काय करायला हवं होतं हे आज कुणीही सांगेल. आणि योजना तरी काय? तवांग सोडून मागे या, एवढीच ना?' दोन ओळींत याचं उत्तर होणार नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

थोरात वडगावचे आणि माझं आजोळ त्याच पंचक्रोशीतलं. आपुलकी आहेच, ती लपवत नाही. पण 'आज कुणीही सांगेल' हे मात्र मला मान्य नाही. थोरातांनी ते आज सांगितलेलं नाही. पूर्व विभागाचे प्रमुख असताना त्यांनी नेफाच्या (आजच्या अरुणाचल प्रदेशाच्या) संरक्षणाचा कागद लष्कराच्या मुख्यालयाला पाठवला तो 8 ऑक्टोबर 1959 रोजी, म्हणजे चीनशी झालेल्या 1962 च्या लढाईच्या तीन वर्षं आधी. नेफाच्या सीमेवरच्या लोंगजूला चिन्यांशी चकमक होऊन तेव्हा जेमतेम दीड महिना झाला होता. लष्करप्रमुख थिमय्यांना तो पटला, संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांनी उडवून लावला. मार्च 1960 मध्ये लखनौला, जिथे तेव्हा पूर्व विभागाचं मुख्यालय होतं, थोरातांनी 'लाल किल्ला' नावाचा सराव घेऊन तोच धोका पुन्हा मांडून दाखवला.

आता सीमेजवळचं तवांग. थोरातांची योजना अशी होती: सीमेलगत चौक्या ठेवायच्या, पण त्या शत्रूची चाहूल घ्यायला आणि त्याला अडवत, रखडवत ठेवायला. खरी लढाई मागे, बोमडिलासारख्या जागी द्यायची, जिथे आपली रसद पोचते आणि त्याची लांबून आणावी लागते. याला तुम्ही पळ म्हणता. ज्या फौजेकडे सीमेपर्यंत रस्ताच नाही, तिने दुसरं काय करावं? प्रत्यक्षात काय झालं ते बघा. सीमेवरच्या नामका चू नदीकाठी सातवी ब्रिगेड उभी केली, बरीचशी सुती कपड्यांत, विमानातून पडेल त्या रसदीवर. 20 ऑक्टोबर 1962 ला सकाळी हल्ला झाला आणि ब्रिगेड संपली. तिचे ब्रिगेडियर जॉन दळवी दोन दिवसांनी पकडले गेले. ऑक्टोबर संपायच्या आत तवांग गेलंच, आणि नोव्हेंबरात सेला खिंड आणि बोमडिलासुद्धा. त्या नदीकाठच्या जवानांविषयी वाचताना मला आजही राग येतो. त्यांना तिथे का बसवलं?

तुमच्या एका मुद्द्याने मात्र मला खरंच विचारात पाडलं. 'एक माणूस बदलून युद्ध बदलत नाही', असं तुम्ही शेवटी म्हटलंय. जानेवारी 1945 मध्ये ब्रह्मदेशात अराकानच्या किनाऱ्यावर कांगावची लढाई झाली. 51व्या ब्रिगेडच्या तिन्ही पलटणींचे कमांडर भारतीय होते: थिमय्या, थोरात आणि एल. पी. सेन. तिघांनाही डीएसओ हे ब्रिटिश शौर्यपदक मिळालं. याच सेननी 1947 मध्ये श्रीनगर वाचवणाऱ्या ब्रिगेडचं नेतृत्व केलं. आणि 1961 मध्ये थोरात निवृत्त झाल्यावर पूर्व विभागाच्या खुर्चीवर आले तेही सेनच. म्हणजे नामका चूच्या वेळी वर बसलेला माणूस भित्रा नव्हता. धैर्याला कमी नव्हती, कमी होती ती 'नाही' ऐकून घ्यायची दिल्लीची तयारी.

आणि थोरात 'नाही' म्हणायला कचरले नाहीत, हे मला कोरियावरून वाटतं. कोरियन युद्ध थांबल्यावर 1953 मध्ये युद्धकैद्यांच्या ताब्यासाठी तिथे गेलेल्या भारतीय दलाचे ते प्रमुख होते. सुमारे साडेबावीस हजार कैदी, त्यांत चिनी जास्त, मायदेशी परत जायला तयार नसलेले आणि भारतीयांवर संशय घेणारे. एकदा त्यांनी आपला एक मेजर छावणीत ओढून नेला. बाहेर सैनिक होते, गोळीबार करता आला असता. थोरात नि:शस्त्र आत गेले, त्या गर्दीशी बोलले आणि मेजरला घेऊन बाहेर आले. पुढे त्यांना अशोकचक्र, दुसरी श्रेणी मिळालं, आज ज्याला कीर्तिचक्र म्हणतात. हा प्रसंग मी मूळ लेखात एका वाक्यात संपवला होता, ती चूक माझी.

दुसरी चूकही कबूल करतो. 'थोरातांवर अन्याय करून थापर यांना लष्करप्रमुख केलं', असं मी लिहिलं होतं. थिमय्यांनी थोरातांची शिफारस केली हे खरं, पण सेवेत थापर ज्येष्ठ होते. त्यामुळे 'अन्याय' हा शब्द मी काढला आहे, आणि 'थोरात असते तर जिंकलो असतो' हे वाक्यही. एवढं मोठं विधान करण्याचा मला अधिकार नव्हता.

कागदाविषयीचं माझं म्हणणं मात्र तसंच राहू देतो. लढाईनंतर नेहरूंनी थोरातांना बोलावून विचारलं की हा कागद मला आधी का दाखवला नाही. आत्मचरित्रात थोरात सांगतात, 'याचं उत्तर मेननच देऊ शकतील', एवढंच ते म्हणाले.