श्रोता सुधारण्याचे शास्त्र

पॉडकास्ट काढण्याचा आपला निर्णय पक्का झाला असेल, माइक घरी आला असेल आणि पहिल्या पाहुण्याने होकारही कळवला असेल, तर आता श्रोत्याच्या अनुभवाचा विचार करायला हरकत नाही. या व्यवसायात ‘श्रोता केंद्रस्थानी’ हे शब्द इतक्या वेळा उच्चारले जातात की तो तिथे आहे याविषयी शंका घेणे असभ्यपणाचे ठरेल. केंद्रस्थानी असलेल्या माणसाला सगळ्या बाजूंनी घेरता येते, हा त्या स्थानाचा मुख्य उपयोग मात्र नवोदितांच्या लक्षात येत नाही. अनुभव सुधारायचा म्हटले की ते आवाज, संपादन, जाहिरातींची संख्या असल्या कष्टाच्या गोष्टींकडे वळतात. वास्तविक अनुभव आहे तसाच ठेवून श्रोता सुधारून घेणे कितीतरी स्वस्त पडते, आणि पुढील सूचना त्याच हेतूने केलेल्या आहेत.

ध्वनिमुद्रणासाठी उघड्या भिंतींची, मोठ्या काचेची आणि शक्यतो रिकामी अशी खोली निवडावी. अशा खोलीत प्रत्येक शब्द भिंतीवर आपटून पुन्हा माइककडे येतो, त्यामुळे आपले म्हणणे श्रोत्याला दोनदा ऐकायला मिळते. कपड्यांच्या कपाटात तोंड घालून मुद्रण करणारे काही काटकसरी लोक आहेत. लोंबते कपडे प्रतिध्वनी शोषून घेतात आणि आवाज स्वच्छ येतो हे त्यांचे म्हणणे खरे असले, तरी कपाटात बसलेल्या माणसाचे छायाचित्र समाजमाध्यमांवर शोभत नाही. पाहुणा दूर असेल तर व्हिडिओ कॉलवर येणारा त्याचा आवाज तसाच उचलावा. दोघांनी आपापल्या यंत्रावर वेगवेगळे मुद्रण करायचे आणि नंतर ते जुळवायचे, ही पद्धत जुनी आणि सोपी आहे. पण तिच्यात पाहुण्याला एक बटण दाबण्याची विनंती करावी लागते. मान्यवरांना इतका त्रास देणे बरे नव्हे. त्यापेक्षा मधले तुटलेले शब्द श्रोत्याने संदर्भावरून लावून घ्यावेत.

भागाची सुरुवात सावकाश करावी. ‘नमनाला घडाभर तेल’ असे म्हणून ज्यांनी पाल्हाळाची निंदा केली त्यांच्याकडे प्रायोजक नव्हता. प्रथम पाहुण्याचे सर्वांत रंजक वाक्य कापून आधीच ऐकवावे, म्हणजे पुढे ते येईल तेव्हा त्यात नवे काही उरणार नाही. त्यानंतर जाहिरात, मग शीर्षसंगीत, मग आपला परिचय, मग पाहुण्याचा परिचय, मग तो परिचय ऐकून पाहुण्याला वाटलेला संकोच, आणि शेवटी आपली दोघांची पहिली भेट कशी झाली याची हकिगत असा क्रम ठेवावा. शीर्षकात दिलेला विषय यानंतर केव्हा तरी निघेलच. दरम्यान श्रोता 30 सेकंद पुढे नेणारे बटण दाबत राहील, आणि अंदाज चुकून मूळ मुद्द्याच्याही पुढे निघून गेला की पुन्हा मागे येईल. यालाच एखादा भाग परत परत ऐकला जाणे म्हणतात.

आवाजाच्या पातळीबाबत अ‍ॅपलने एक शिफारस करून ठेवली आहे: संपूर्ण भागाची लाउडनेस, म्हणजे कानाला जाणवणारा आवाजाचा सरासरी मोठेपणा, उणे 16 एलकेएफएसच्या (हे ती मोजण्याचे एकक) आसपास, फार तर एक डेसिबल इकडे किंवा तिकडे, आणि आवाजाचे शिखर उणे 1 डेसिबलच्या वर जाऊ नये. ही पातळी मोजणारी साधने फुकट मिळतात आणि ती वापरायला काही मिनिटे पुरतात. नेमके म्हणूनच तिकडे दुर्लक्ष करावे. जे कोणालाही जमते त्यात आपली स्वतंत्र ओळख ती काय राहणार? सूत्रसंचालक माइकला ओठ लावून बोलतो, पाहुणा खुर्चीत रेलून बोलतो, आणि दोघांच्या आवाजात 10 डेसिबलचा फरक पडला की कानाला एक आवाज दुसऱ्याच्या जवळपास दुप्पट मोठा वाटतो. श्रोत्याने पाहुण्यासाठी आवाज वाढवावा आणि सूत्रसंचालक खदखदून हसताच तो घाईघाईने कमी करावा, यातून त्याचा सहभाग वाढतो, आणि सहभाग वाढवण्यासाठी तर आपण सगळे झटत असतो. एकाचा आवाज पूर्णपणे डाव्या बाजूला आणि दुसऱ्याचा उजव्या बाजूला ठेवला तर आणखी उत्तम. एकच इअरफोन लावणाऱ्या श्रोत्याला मग केवळ प्रश्न ऐकू येतात आणि उत्तरांचा विचार त्याला स्वतः करता येतो.

आता जाहिरातींकडे वळू, कारण त्यांच्या मधल्या जागा भरण्यासाठीच आपण कार्यक्रम करत आहोत. एके काळी जाहिरात भागातच मुद्रित केलेली असे आणि ती कायमची तिथेच राही. दहा वर्षांनी ऐकणाऱ्यालाही ती केव्हाच संपलेली सवलत देऊ केली जाई. आता फाइल मागितली जाते त्या क्षणी, श्रोता कुठे आहे ते पाहून, सर्व्हर तिच्यात ताज्या जाहिराती शिवून देतो. या सोयीचे फायदे जाहिरातदाराला सांगितले जातात. श्रोत्याला होणारे लाभ मात्र फारसे कोणी सांगत नाही, म्हणून ते इथे नोंदवतो. जाहिरातीची जागा यंत्राला ठरवू दिली तर ती वाक्याच्या मध्यात, क्वचित शब्दाच्या मध्यातही येते, आणि पाहुण्याला काय म्हणायचे होते याची उत्कंठा फुकटात निर्माण होते. परगावी किंवा परदेशी गेलेल्या श्रोत्याला त्याच्या आवडत्या संभाषणाच्या मध्यभागी अचानक न समजणाऱ्या भाषेतील विमा ऐकायला मिळतो. जाहिरातींची लांबी प्रत्येकाला वेगळी मिळत असल्याने, भागाच्या वर्णनात आपण काळजीपूर्वक लिहिलेल्या वेळा कोणाच्याच फोनवर जुळत नाहीत, आणि ‘तो मुद्दा बाविसाव्या मिनिटाला ऐक’ असे एकाने दुसऱ्याला सांगितले की दुसऱ्याच्या वाट्याला बाविसाव्या मिनिटाला गादी येते.

तरीही यंत्राने शिवलेली जाहिरात श्रोता ओळखतो आणि टाळतो. म्हणून जी सूत्रसंचालकाने स्वतः, आपल्या नेहमीच्या आवाजात वाचलेली असते तिचा भाव अधिक असतो. माझ्या मते ही या माध्यमातील सर्वांत मोलाची गोष्ट आहे, कारण वर्षानुवर्षे कानाशी बोलणाऱ्या माणसावर श्रोत्याचा जो विश्वास बसतो तो दुसऱ्या कुठल्याही जाहिरातीत विकत मिळत नाही. इथे तो मिनिटाच्या हिशेबाने मिळतो. मात्र सांधा दिसता कामा नये. पाहुणी आपल्या आईच्या शेवटच्या आजारपणाविषयी सांगत असेल आणि त्या रात्री डोळ्याला डोळा लागत नसे असे म्हणून क्षणभर थांबली असेल, तर त्या शांततेत ‘झोपेवरून आठवलं’ असे म्हणून हलकेच गादीकडे वळावे. गादीवर आपण झोपलेलेच असले पाहिजे असे नाही. सवलतीचा कोड मात्र तीनदा सांगावा आणि त्याचे स्पेलिंगही सांगावे. पाहुणीचे नाव एकदा सांगितले तरी चालते.

यावर श्रोते कंटाळून निघून जातील अशी भीती वाटत असेल, तर आपल्याला मोजणीचे नियम ठाऊक नाहीत असे म्हणावे लागेल. पॉडकास्टचे डाउनलोड कसे मोजावे याचे नियम इंटरॅक्टिव्ह अ‍ॅडव्हर्टायझिंग ब्युरो या जाहिरात व्यवसायातील संघटनेच्या तांत्रिक शाखेने घालून दिले आहेत. निदान एक मिनिट वाजेल इतकी फाइल उतरली की एक डाउनलोड धरायचे; 24 तासांच्या आत त्याच आयपी पत्त्यावरून (इंटरनेटवरील जोडणीच्या क्रमांकावरून) त्याच अ‍ॅपने तीच फाइल पुन्हा मागितली तर ती पुन्हा मोजायची नाही. 128 केबीपीएसच्या (सेकंदाला 128 किलोबिट) एमपी3 फाइलमध्ये एक मिनिट म्हणजे साधारण 1 एमबी. तेवढी माहिती फोनमध्ये पोचली की आपले काम झाले. ती ऐकली गेली का, ऐकणाऱ्याला कळली का, की फोनचा मालक त्या वेळी झोपलेला होता, हे प्रश्न या मोजणीच्या कक्षेबाहेरचे आहेत आणि ते तिथेच सुरक्षित आहेत.

या पद्धतीचे सौंदर्य 2023च्या सप्टेंबरात थोडे डागाळले. तोपर्यंत अ‍ॅपलच्या अ‍ॅपमध्ये एखाद्याने कार्यक्रम ऐकणे सोडले आणि काही काळाने तो परतला, तर मधले राहून गेलेले भाग आपोआप त्याच्या फोनमध्ये उतरत. आयफोनच्या आयओएस 17 या प्रणालीपासून ही जुन्या भागांची वरात थांबली. ज्यांचे भाग रोज निघत आणि ज्यांच्याकडे जुन्या भागांचा मोठा साठा होता, अशांचे आकडे खाली आले. ऐकणारा माणूस एकही कमी झाला नव्हता. न ऐकणारे तेवढे कमी झाले होते. व्यवसायात शोककळा पसरावी इतकी ही घटना गंभीर ठरली, आणि तिच्यावर जेवढी चर्चा झाली तेवढी पाहुण्यांच्या ऐकू न येणाऱ्या आवाजावर होताना मी तरी पाहिलेली नाही. श्रोता भागाच्या कितव्या मिनिटाला सोडून गेला याचा आलेख अ‍ॅपल आणि स्पॉटिफाय आपापल्या श्रोत्यांपुरता देतात, परंतु तो पाहू नये. तो नेहमी उतरता असतो, आणि ज्या ठिकाणी तो एकदम कोसळतो तिथे बहुधा आपणच बोलत असतो.

काही श्रोते आपल्या संथपणावर उपाय म्हणून दीडपट किंवा दुप्पट वेगाने ऐकतात, तर काही अ‍ॅप्स बोलण्यातली शांतता परस्पर छाटून टाकतात. याला अपमान समजू नये. आपण तासाचा भाग दोन तासांचा केला की दुप्पट वेगाने ऐकणाऱ्यालाही पूर्ण तास मिळतो.

चित्रफीत अवश्य करावी. यूट्यूबने 2025मध्ये सांगितले की दरमहा 1 अब्जाहून अधिक लोक तिथे पॉडकास्ट पाहतात, आणि पाहणाऱ्यांची एवढी सोय असताना ऐकणाऱ्यांचे लाड करण्याचे कारण उरत नाही. भर चर्चेत पाहुण्यापुढे एखादा आलेख धरावा, ‘हे बघा, इथून रेषा कशी वळते’ असे म्हणावे आणि दोघांनी मिळून विस्मय व्यक्त करावा. गाडी चालवणाऱ्या किंवा भांडी घासणाऱ्या श्रोत्याने तो विस्मय विश्वासावर स्वीकारावा.

ज्यांना ऐकूच येत नाही, किंवा ज्यांना ऐकण्याऐवजी चाळून हवा तो मुद्दा शोधायचा असतो, अशांसाठी संभाषणाची लेखी प्रत फीडबरोबर (कार्यक्रमाचे नवे भाग अ‍ॅप्सना कळवणाऱ्या यादीबरोबर) जोडण्याची सोय पॉडकास्टिंग 2.0 या नावाखाली एकत्र आलेल्या मंडळींनी फार पूर्वीच करून दिली आहे, आणि 2024च्या मार्चमध्ये अ‍ॅपलने आपल्या अ‍ॅपमध्ये अशा प्रती आपोआप तयार करायला सुरुवात केली; प्रथम इंग्रजी, फ्रेंच, जर्मन आणि स्पॅनिश या चार भाषांत. आपली भाषा अ‍ॅपलच्या यादीत नसेल तर आपण निश्चिंत आहोत. असली तर यंत्राने काढलेली प्रत एकदाही न वाचता सोडून द्यावी. तिच्यात पाहुण्याच्या नावाचे जे होते ते पाहून तो स्वतःच दुरुस्तीची मागणी करील, आणि त्या निमित्ताने त्याच्याशी पुन्हा संपर्क होईल.

प्रत्येक भागाच्या शेवटी पाच तारे मागण्याची प्रथा सोडू नये. वरच्या क्रमांकांच्या कार्यक्रमांची यादी करताना ऐकणे, फॉलो करणे आणि भाग शेवटपर्यंत ऐकला जाणे या गोष्टी पाहिल्या जातात, तारे आणि अभिप्राय त्यात धरले जात नाहीत, असे अ‍ॅपलने स्पष्ट केले आहे. तरीही मागावेत. श्रोत्याला काही तरी करायला सांगत राहिले म्हणजे आपण त्याच्यासाठी काय करतो हा प्रश्न त्याला सुचत नाही.

कार्यक्रम कुठे ऐकायचा हे श्रोत्याने ठरवण्याची चालही मोडायला हवी. आरएसएस फीड ही या माध्यमातील एक जुनी गैरसोय आहे. तिच्यामुळे कोणत्याही अ‍ॅपमध्ये कोणताही कार्यक्रम, कोणाचीही परवानगी न घेता ऐकता येतो, आणि आपल्या सगळ्या कार्यक्रमांची यादी एका ओपीएमएल फाइलमध्ये भरून श्रोता एका अ‍ॅपमधून दुसऱ्यात निघून जाऊ शकतो. 2023मध्ये स्टिचर हे पॉडकास्ट ऐकण्याचे अ‍ॅप बंद पडले आणि 2024मध्ये गूगल पॉडकास्ट्स, तेव्हा अनेकांनी ही पळवाट वापरली. यावर उपाय म्हणजे आपला कार्यक्रम एकाच अ‍ॅपला विकून टाकणे. काही मोठ्या नावांनी हा प्रयोग करून पाहिला आणि कालांतराने ती मुकाट्याने पुन्हा सगळीकडे दिसू लागली, पण त्यांना मधल्या काळाचे पैसे मिळाले आणि श्रोत्यांना आणखी एक पासवर्ड मिळाला.

वर्षातून एकदा श्रोत्यांचे सर्वेक्षण करावे. त्याचा दुवा भागाच्या अगदी शेवटी, अखेरच्या जाहिरातीनंतर सांगावा, म्हणजे सगळे काही सहन केलेलेच लोक तिथवर पोचतील आणि समाधानाचा आकडा चांगला येईल. वय, उत्पन्न, घरातील माणसे आणि गेल्या काही महिन्यांत गादी घेतली का, एवढे प्रश्न पुरेत. कार्यक्रम ऐकू येतो का हा प्रश्न घालू नये. ‘इतर’ असा रिकामा रकाना ठेवलाच असेल आणि त्यात एखाद्याने पाहुण्याचा आवाज फार बारीक येतो असे लिहिले असेल, तर त्याचे पत्र पुढच्या भागात आवर्जून वाचावे, त्याच्या प्रेमाने आपण किती भारावलो हे सविस्तर सांगावे आणि हे पत्र कोणाच्या सौजन्याने वाचले गेले तेही सांगावे. एवढे केल्यावर भाग लांबला असे वाटले, तर पत्रातला तक्रारीचा मजकूर संपादनात कापून टाकावा.