कर्ज बुडवायचंय? आधी मरून घ्या

लोकांचे पैसे बुडवायची इच्छा आहे पण मार्ग सापडत नाही, अशा होतकरू मंडळींसाठी हे चार शब्द. परदेशी पळायला पासपोर्ट लागतो, दिवाळखोर ठरायला कोर्टात अर्ज करावा लागतो. मरायला काहीच लागत नाही.

फक्त वेळ साधा. दावा चालू असताना मेलात तर फुकट मेलात. समोरचा नव्वद दिवसांत वारसांना रेकॉर्डवर आणणार आणि दावा पुढे चालणार. म्हणून आधी दावा दमाने लढवा, तारखा घ्या, हुकूमनामा, म्हणजे पैसे द्यायचा कोर्टाचा आदेश, होऊ द्या, समोरच्याला पेढे वाटू द्या. प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमलातल्या लंडनच्या सर्वोच्च अपील कोर्टाने, १८७२ सालीच म्हणून ठेवलंय की हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज, दाखल झाली, कोर्टाच्या नाझर शाखेत बेलिफाचा भत्ता भरला, बेलीफ गल्लीत शिरला, की डोळे मिटा. वॉरंट शेरा घेऊन परत जातं : 'सदर इसम मयत.'

मुलं भरपूर असू द्या. प्रत्येकाला वेगळी नोटीस लागते. जमलं तर एक लेक दुबईला द्या.

स्कूटर सुनेच्या नावावर, टीव्ही-फ्रिज सुनेच्या माहेरचा. भांडीकुंडी, कपडे, अंथरूण-पांघरूण आणि मंगळसूत्राची काळजी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० ने आधीच घेतली आहे.

आता मागे राहणाऱ्यांना पढवून ठेवायचं वाक्य : 'आमच्या हाती काही आलं नाही.' कलम ५० प्रमाणे मयताची जेवढी मालमत्ता वारसाच्या हाती आली, तेवढ्यापुरतीच त्याची जबाबदारी. नियम न्यायाचाच आहे, त्याबद्दल तक्रार नाही. बापाच्या उधारीपायी पोराचा पगार का कापावा? ९ सप्टेंबर २००५ नंतरच्या कर्जासाठी तर केवळ 'पितृऋण' म्हणून मुला-नातवंडांच्या मागे लागायची सोयही कायद्याने बंद केली. पण हे वाक्य म्हणताना सातबारा कपाटात राहील याची खबरदारी घ्या.

किंवा नका घेऊ. काही बिघडत नाही, हे मी गेल्याच तारखेला पाहिलं.

आम्ही सिमेंट-सळईवाले. एका गिऱ्हाइकाने आमच्या मालावर बंगला बांधला, बिल थकवलं, हुकूमनामा झाल्यावर वारला. थोरल्या चिरंजीवांनी शपथेवर लिहून दिलं की वडिलांनी मागे काही ठेवलं नाही. बरं. आम्ही बंगल्यावर जप्ती मागितली. तर त्याच चिरंजीवांचा हरकतीचा अर्ज : आम्ही शेतकरी, शेतकऱ्याचं राहतं घर जप्त होत नाही. पुरावा? सातबारा! डिजिटल सहीचा, ताजा. वडिलांच्या नावाला कंस, शेजारी वारसाच्या फेरफाराचा नंबर, खाली तिन्ही भावांची नावं. बहिणींची हक्कसोडपत्रंसुद्धा झालेली. म्हणजे बापाकडून काहीच न मिळालेल्या माणसाने, बापाकडून मिळालेल्या जमिनीचा उतारा, स्वतःच्या हाताने, कोर्टात, शपथपत्राला जोडला. वकीलसाहेबांनी खाली सही ठोकली. कोणी हसलं नाही. आणि म्हणणं द्यायला कोणाला सांगितलं? आम्हाला! रोजनाम्यात 'से साठी', म्हणजे आमच्या म्हणण्यासाठी, पुढची तारीख.

अहो, त्याच कलम ५० च्या दुसऱ्या पोटकलमात लिहिलंय की कोर्ट वारसाला हिशोब हजर करायला लावू शकतं. स्वतःहून लावू शकतं, आमच्या अर्जाचीही गरज नाही. घराला संरक्षण असेल तर असो, कलम ६० ने शेतजमिनीला कुठे दिलंय? दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये सांगितलं. त्यांनीच मागवलेले आकडे २०२५ च्या ऑक्टोबरात समोर आले तर देशभरात ८ लाख ८२ हजारांवर दरखास्ती पडून, आणि त्यातल्या ३ लाख ४० हजारांच्या वर एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीत. पहिला नंबर आपलाच. जय महाराष्ट्र.

हां, एक सल्ला राहिला : धीर धरा. हुकूमनामावालाही माणूसच आहे, तोही कधीतरी मरेल.

पुरे झाले सल्ले. आता चिरंजीवांनाच सांगतो, आणि तसले चिरंजीव गावोगाव आहेत. बापाच्या फोटोला रोज हार घालता, वर्षश्राद्धाला गावजेवण घातलंत, पिंडाला कावळा शिवेना तेव्हा हात जोडून 'तुमचं राहिलेलं सगळं पुरं करू' म्हणालात. आमचं बिल त्या राहिलेल्यात येत नाही का? ज्या स्लॅबखाली पंखा लावून झोपता, त्यात आमची सळई आहे. तिचे पैसे आम्ही कंपनीला केव्हाच भरले, व्याज काढून भरले. बापाची जमीन घेताना वारस, बापाची उधारी म्हटली की परके! आणि वकीलसाहेब, खोटं शपथपत्र कोणतं ते तुम्हाला कळत नव्हतं असं नाही. फी घ्या, लढा, पण एका हाताने 'काही नाही' आणि दुसऱ्या हाताने सातबारा हा धंदा बंद करा.

जमीन विकायची नसेल तर विकू नका. हप्ते बांधून द्या. दिवाळीला एक, उसाचं बिल आलं की एक. आम्ही आजही तयार आहोत, व्याजातही सोडू. फक्त पुढच्या तारखेला 'से' नको, हप्त्यांची पुरशीस, म्हणजे कोर्टात द्यायचं लेखी निवेदन, घेऊन या.