ख्रिस गार्डनरला पगार होता

दहावी-बारावीचे निकाल लागले की एक फॉरवर्ड न चुकता येतो. यंदा तो आमच्या फॅमिली ग्रुपवर मावसभावानं टाकला. मजकूर थोडक्यात असा : अमेरिकेतला ख्रिस गार्डनर नावाचा एक अडाणी, बेघर कृष्णवर्णीय तरुण. पाच वर्षांच्या मुलाला घेऊन रेल्वे स्टेशनच्या संडासात झोपायचा. टॅक्सीत एका साहेबाला रुबिक क्यूब सोडवून दाखवला आणि शेअर दलालांच्या कंपनीत शिरला. सहा महिने बिनपगारी राबला, कुणापुढे हात पसरला नाही आणि वर्षभरात करोडपती झाला. शेवटी ठळक अक्षरांत : ‘आता सांगा, तुमच्याकडे काय कारण आहे?’

हा मजकूर गार्डनरच्या आयुष्यातून कमी आणि विल स्मिथच्या 2006 सालच्या सिनेमातून जास्त आलाय. सिनेमावर माझा राग नाही, दोन तासांत गोष्ट बसवायची तर कातरकाम होणारच. पण कातरलेल्या गोष्टीवर ‘सत्यकथा’ असा शिक्का मारून ती पोरांच्या तोंडावर फेकली, की बोलावं लागतं.

‘अडाणी’पासून सुरू करू. गार्डनर कॉलेजला गेला नाही, एवढं खरं. 1954 मध्ये मिल्वॉकीत जन्म, घरात सावत्र बापाची मारझोड, काही काळ दुसऱ्यांच्या घरी वाढलेला मुलगा. पण तो अमेरिकी नौदलात भरती झाला आणि तिथे वैद्यकीय मदतनीसाचं काम शिकला. त्या ओळखीतून रॉबर्ट एलिस या डॉक्टरांनी त्याला सॅन फ्रान्सिस्कोत आपल्या संशोधनाच्या कामावर घेतलं. दोन-एक वर्षांत गार्डनर तिथली प्रयोगशाळा सांभाळू लागला, डॉक्टरांच्या शोधनिबंधांवर सहलेखक म्हणून त्याचं नावही आलं. पुढे तो वैद्यकीय उपकरणं विकू लागला. डिग्री नसलेला आणि अडाणी यांत फरक असतो, हे आपल्याकडच्या कुठल्याही जुन्या कंपाउंडरला विचारा.

रुबिक क्यूबचं प्रकरण एका वाक्यात संपतं : तो टॅक्सीतला प्रसंग पटकथेचा आहे. खरं घडलं ते मला जास्त आवडतं. रुग्णालयाच्या पार्किंगमध्ये एक माणूस लाल फेरारी लावायला जागा शोधत होता. गार्डनर त्याला म्हणाला, माझी जागा घ्या, पण दोन गोष्टी सांगा : तुम्ही काय करता आणि ते कसं करता? तो होता बॉब ब्रिजेस, स्टॉकब्रोकर. त्यानं गार्डनरला या धंद्याची ओळख करून दिली आणि ब्रोकर कंपन्यांच्या मॅनेजरांशी भेटी जुळवून दिल्या. म्हणजे जे आपण सगळे जाणतो तेच. दार आतून कुणीतरी उघडावं लागतं. गार्डनरचं कौतुक हे, की त्यानं अनोळखी माणसाला थेट विचारलं.

आणि तरीही सगळं सरळ झालं नाही. एका कंपनीनं प्रशिक्षणाला घेतो म्हटलं म्हणून यानं हातची नोकरी सोडली. रुजू व्हायला गेला, तर ज्यानं शब्द दिला होता त्यालाच आठवड्यापूर्वी काढून टाकलेलं. मग पार्किंगचे 1,200 डॉलरचे दंड थकले होते म्हणून दहा दिवस तुरुंग. डीन विटर रेनॉल्ड्स या दुसऱ्या शेअर दलाल कंपनीच्या मुलाखतीला तो अटकेच्या दिवशी अंगावर होते त्याच कपड्यांत गेला.

आता ‘सहा महिने बिनपगारी’. इथे माझा आवाज चढतो, कारण गेल्या वर्षी माझ्या भाचीला एका कंपनीच्या मुलाखतीत हेच उदाहरण ऐकवलं गेलं. “गार्डनर फुकट राबला होता, तुम्हाला पहिल्या दिवसापासून पैसे हवेत.” तिनं मान डोलावली, बाहेर येऊन मला फोन केला. तर ऐका : डीन विटरमध्ये प्रशिक्षणार्थींना विद्यावेतन होतं आणि गार्डनरला महिना 1,000 डॉलर मिळत होते. ‘फुकट’ हा शब्द सिनेमानं घातला, फॉरवर्डनं उचलला आणि आता तो फुकटात माणसं राबवू पाहणाऱ्यांच्या कामी येतोय.

पण विद्यावेतन मिळत होतं, मग तो बेघर कसा? अख्ख्या गोष्टीतला हाच खरा प्रश्न आहे, आणि फॉरवर्डला तो पडतच नाही.

मुलाची आई त्याला घेऊन निघून गेली होती. ती काही महिन्यांनी परत आली आणि मुलाला बापाकडे सोडून गेली. गार्डनर तेव्हा राहत होता त्या लॉजवजा घरात लहान मुलांना मनाई होती. झालं, राहती खोली गेली. 1,000 डॉलरमधून मुलाच्या पाळणाघराचे पैसे द्यायचे, दोघांचं जेवणखाण करायचं आणि वर नव्या भाड्याच्या घरासाठी रक्कम साठवायची. जवळपास वर्षभर हे बापलेक स्वस्त लॉज, बागा, सगळे गेल्यावर ऑफिसात टेबलाखाली, असे कुठेकुठे झोपले. ओकलंडच्या मॅकआर्थर स्टेशनातलं कडी लावलेलं स्वच्छतागृह त्यातलंच. ऑफिसातल्या कुणालाही पत्ता नव्हता. सकाळी सूट घालून हा माणूस संभाव्य ग्राहकांना दिवसाला 200 फोन करायचं लक्ष्य ठेवून बसायचा.

ज्यांनी मुंबईत पहिली नोकरी लागल्यावर डिपॉझिट आणि दलालीचे पैसे जमेपर्यंत कुणाच्या तरी हॉलमध्ये महिने काढले आहेत, त्यांना हे समजावून सांगायला नको. पगार असणं आणि छप्पर असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फॉरवर्डमधला गार्डनर बेघर असतो कारण त्याला काम नाही. खरा गार्डनर काम करत असताना बेघर होता.

मुलाचं वयही बघा. सिनेमात पाच वर्षांचा, बडबडा. प्रत्यक्षात त्याचा जन्म जानेवारी 1981 चा, म्हणजे तेव्हा तो दोन वर्षांचाही नव्हता. पाच वर्षांच्या पोराला ‘आपण लपाछपी खेळतोय’ म्हणून सांगता तरी येतं. डायपरमधल्या पोराला काय सांगणार? एका हातात सूटची बॅग, दुसऱ्या हातात बाबागाडी आणि डायपरचं गाठोडं घेऊन गावभर हिंडायचं.

‘कुणापुढे हात पसरला नाही.’ साफ खोटं. फुकट जेवणाच्या रांगेत तो मुलाला घेऊन उभा राहिलाय. सॅन फ्रान्सिस्कोच्या टेंडरलॉइन भागात ग्लाइड मेमोरियल चर्च आहे, तिथे बेघर बायकांसाठी निवारा चालायचा. पुरुषांना तिथे जागा नव्हती. गार्डनरनं तिथले पाद्री सेसिल विल्यम्स यांना मुलासाठी विनवलं आणि त्यांनी नियम बाजूला ठेवून दोघांना घेतलं. 2024 मध्ये विल्यम्स वारले. गार्डनरच्या आईची शिकवण ‘आपणच आपले, सोडवायला कुणी येणार नाही’ अशी होती आणि तो ती अभिमानानं सांगतो. पण विल्यम्स यांचं ऋणही तो तितक्याच मोकळेपणानं मानतो. फॉरवर्डनं यातला आईच्या वाक्याचा सूर ठेवला आणि पाद्र्याला गाळलं.

राहिलं ‘वर्षभरात करोडपती’. 1982 मध्ये परवान्याची परीक्षा तो पहिल्या फटक्यात पास झाला आणि पूर्णवेळ नोकरीला लागला. मग बेअर स्टर्न्स या गुंतवणूक कंपनीत चार वर्षं. 1987 मध्ये शिकागोत घरातच 10,000 डॉलरवर गार्डनर रिच अँड कंपनी सुरू केली. फर्निचर म्हणजे एक लाकडी टेबल, त्यावरच जेवण. (‘रिच’ कोण? मार्क रिच हा बडा व्यापारी. त्याचा कंपनीशी काही संबंध नव्हता, ओळखसुद्धा नव्हती. नाव वजनदार वाटलं म्हणून लावलं! हा किस्सा फॉरवर्डमध्ये का नाही, कोण जाणे.) पेन्शन फंड आणि कामगार संघटनांचे व्यवहार करत कंपनी वाढली. तिच्यातला हिस्सा त्यानं लाखो डॉलरना विकला तो 2006 मध्ये. स्टेशनातल्या त्या रात्रींपासून मोजा.

पैसा आल्यावर गार्डनरनं सॅन फ्रान्सिस्कोत कमी उत्पन्नवाल्यांसाठी घरं आणि रोजगार उभे करणाऱ्या 5 कोटी डॉलरच्या प्रकल्पाला हातभार लावला. प्रेरणेवर तो भाषणंही देतो, पण जिथे स्वतः अडला होता तिथेही त्यानं पैसा घातला.

मावसभावाला हे सगळं लिहून पाठवलं. तो म्हणाला, “मग आता ग्रुपवर काय टाकू?” म्हटलं, पुण्यात परवडेल अशी एखादी खोली माहीत असेल तर तिचा पत्ता टाक. आपल्या घरातलीच तीन पोरं शोधतायत.