ओटा वेगळा, स्लॅब वेगळा

'मालकाला न विचारता घरात काहीही बदल केला की भाडेकरू बाहेर' असं भाडेकरूंवरच्या एका लेखात सरसकट लिहिलंय, ते बरोबर नाही. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम १६ मध्ये मालकाच्या लेखी संमतीशिवाय केलेलं 'कायमस्वरूपी बांधकाम' हे भाडेकरूला बाहेर काढायचं कारण आहे. लाकडी पार्टिशन, स्वयंपाकाचा उभा ओटा, हवेसाठी खिडकी, फॉल्स सीलिंग, एसी हे त्यात मोजत नाहीत. अर्थात, महापालिकेची परवानगी लागत असेल तिथं ती हवीच.

खरी गोम 'लेखी' या शब्दात आहे. मंगळवार पेठेत आम्ही भाड्यानं होतो. वडिलांनी मागच्या बोळात चार इंची विटांची मोरी बांधली, वर पत्रा. थोरले मालक स्वतः कट्ट्यावर बसून गवंड्याला सांगत होते, "उतार नीट काढ रे, पाणी माझ्या भिंतीला नको." ते गेले आणि वर्षभरात मुलाची नोटीस आली. संमतीचा कागद दाखवा म्हणे. कुठला कागद? चहा पिऊन ठरलेली गोष्ट ती! वकिलांनी पहिला प्रश्न तोच विचारला आणि वडील गप्प बसले. शेवटी मोरी पाडून तडजोड केली.