आधी बांध परत घाला, मग माफी मागा

मनाई हुकूम असताना शेजाऱ्यानं बांध फोडला की गावात पहिला सल्ला मिळतो, "कंटेम्प्ट (उच्च न्यायालयात कोर्टाच्या अवमानाचा अर्ज) टाका, आत जाईल." १८ ऑगस्ट २०२५ ला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झालं, तेव्हापासून तर जास्तच. बेंच आलं, मुंबईचे हेलपाटे वाचले, याचा मला मनापासून आनंद आहे. त्यासाठी इथल्या वकिलांनी वर्षानुवर्षं आंदोलन केलंय. पण बांधाच्या भांडणात थेट तिकडे पळायचा सल्ला मला पटत नाही.

खालच्या कोर्टाचा तूर्तातूर्त मनाई हुकूम मोडला तर त्याच कोर्टात दाद मागता येते. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ३९, नियम २-अ. मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येतं. दाव्याचा निकाल लागून कायम मनाई मिळाली असेल तर दरखास्त, म्हणजे हुकूम अमलात आणण्याचा अर्ज. १९७१ च्या अवमान कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद आहे, पण दंड जास्तीत जास्त दोन हजार. आज जेसीबीवाला अर्ध्या दिवसात त्याहून जास्त घेतो.

आणि गाडं अडतं ते दुसरीकडेच. आमच्या चुलत्यांचं रान करवीर तालुक्यात. हुकुमात शब्द एवढेच, "वादीच्या वहिवाटीस हरकत करू नये." सोबत मोजणीचा नकाशा नाही. ऊस तुटून गेला आणि शेजाऱ्यानं रातोरात मशीन लावलं. सकाळी हद्दीचा दगड ओढ्यात, बांधावरचं करंज मुळासकट आडवं, आणि दोन्ही रानं एक करून सरी सोडलेली. कोर्टात त्याचं म्हणणं आलं, "मी माझ्याच गटात काम केलं." अवमान ठरायला हुकूम जाणूनबुजून मोडलाय हे दाखवावं लागतं. हद्दच कागदावर नसेल तर ते दाखवायचं कशाच्या जोरावर?

मग कोर्ट कमिशन (कोर्टानं नेमलेल्या माणसाची जागेवर पाहणी), भूमि अभिलेखची मोजणी, नोटिसा, लगतदारांच्या हरकती. नकाशा येईपर्यंत त्या जागेत त्याचा ऊस कमरेला लागला होता. अतिक्रमण दिसल्यावर त्यानं बिनशर्त माफीनामा दिला. माफी मंजूर, अर्ज निकाली. रान अजून त्याच्याच ताब्यात आहे.

माझा राग आहे तो इथं. माफी खरी आहे की नाही हे ठरवायचा अधिकार कोर्टाला आहेच. मग ती मंजूर करण्याआधी "बांध होता तिथं स्वखर्चानं घाल, मोजणीवाल्यांकडून खुणा करून घे, बेलिफाचा अहवाल आण" एवढं सांगायला काय हरकत आहे? मूळ स्थिती परत आणायचा हुकूम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली देता येतो. शेतकऱ्याला शेजाऱ्याची कैद नको असते. त्याला त्याच्या चार सऱ्या परत हव्या असतात.

ज्यांचे दावे चालू आहेत त्यांना कळकळीनं सांगतो, मनाईचा अर्ज करतानाच हद्द कायम मोजणीची 'क' प्रत (मोजणीनंतर मिळणारा नकाशा) जोडा आणि हुकुमात तिचा उल्लेख करून घ्या. हुकूम मोडला तर त्याच दिवशी फोटो काढा, पंचनाम्यासाठी अर्ज द्या. अवमानाचीच वाट धरायची असेल तर वर्षाची मुदत आहे, तडजोडीच्या बैठकांत ती घालवू नका.

आपल्या सहा जिल्ह्यांत कुणाला बांध पूर्ववत करून देण्याचा हुकूम मिळाला असेल तर नावं झाकून त्याची प्रत इथं टाका. आमच्या वकिलांना ती पुढच्या तारखेला दाखवायची आहे.