चेहरा ओळखीचा ठेवा, नाव नको

नाव कमवायची हौस असेल तर हा लेख इथेच सोडा. चेहरा घरोघरी पोचावा, पण नाव विचारलं की लोकांनी डोकं खाजवावं, अशी कारकीर्द हवी असेल तर हॉलिवूडचा नट व्हिट बिसेल याची शिकवणी लावा. जन्म १९०९, न्यूयॉर्क. पुढे आयुष्यभर 'अरे, हा तो नाही का?'

पहिली अट, हिरोसारखं दिसू नका. अंगात कोट, चेहऱ्यावर काळजी. बघताक्षणी वाटलं पाहिजे की डॉक्टर आहे, आणि निदान चुकणार.

१९५६चा 'इन्व्हेजन ऑफ द बॉडी स्नॅचर्स' घ्या. शेवट फार निराश वाटला म्हणून स्टुडिओनं मागाहून आगापिछा जोडायला लावला, त्यातले डॉक्टर तुम्ही. नायक घसा फोडून सांगतोय की शेंगांतून उगवलेले तोतये माणसांच्या जागा घेतायत. तुम्ही त्याला वेड्यात काढा. मग अपघात झालेला ट्रक ड्रायव्हर अजस्र शेंगांखालून उकरून काढावा लागला, हे कानावर येतं. आता दचका आणि रस्ते अडवायचा हुकूम सोडा. जग वाचवून झालं की श्रेयनामावलीत नाव शोधू नका. दिलेलंच नाही.

पुढच्याच वर्षी नव्या सिनेमात एका पोराला संमोहित करून लांडगा बनवा आणि त्याच्याच हातून मरा. तो पोरगा, मायकल लँडन, दोन वर्षांत 'बोनान्झा' या टीव्ही मालिकेमुळे अमेरिकेचा लाडका होईल. तुम्ही तोवर दुसऱ्या चित्रपटात प्रेतं शिवून पुन्हा डॉक्टर! (पदवी कुणी काढून घेत नाही, हा या धंद्याचा मोठेपणा.)

१९६०च्या 'द मॅग्निफिसंट सेव्हन'मध्ये काम मिळालं म्हणून हुरळू नका. सात जण ठरलेत. तुम्ही गावात प्रेतं पुरण्याचा धंदा करता. मेलेला अमेरिकेचा मूळनिवासी आहे म्हणून गावचे गोरे दफन होऊ देत नाहीत. तुम्ही दिलगिरी व्यक्त करून हात वर करा. मग खरे हिरो प्रेताची गाडी हाकत नेतील.

टीव्हीवर बढती आहे. 'द टाइम टनेल'मध्ये तुम्ही जनरल कर्क. भूतकाळात हरवलेले दोघे शास्त्रज्ञ जिवावर उदार होऊन पळतायत, तुम्ही नियंत्रण कक्षात पडद्याकडे बघत उभे. मालिका १९६७मध्ये आटोपली, की त्याच वर्षी 'स्टार ट्रेक'मध्ये नायक कॅप्टन कर्कसमोर हजर व्हा. या खेपेला अंतराळ स्थानकाचे व्यवस्थापक. स्थानकभर केसाळ गोळे पिलावळ वाढवतायत, आणि जबाबदार माणूस म्हणून तुमच्याकडेच बघितलं जाणार.

रस्त्यात कुणी 'तुम्ही ते डॉक्टर ना?' म्हणालं तर 'कुठल्या सिनेमातला?' असं चुकूनही विचारू नका. त्याची नाडी बघा आणि पुढे चला.