असीरगड जेझुइटांनी पाडला नाही

आमच्या भावकीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर आलेला एक मेसेज आता रावेर-सावद्याच्या कितीतरी ग्रुपांवर फिरतोय. त्याचं म्हणणं असं: जेझुइट (कॅथलिक धर्मगुरूंचा एक संघ) ही पोपची गुप्त फौज, अकबराच्या छावणीत बसून त्यांनीच खानदेशचं फारुकी राज्य बुडवलं, मराठी मारायला ते आले आणि आज नवापूरकडची मिशनंही त्यांचीच. पाठवणाऱ्यांत माझे थोरले काकाही आहेत. म्हणून नीट उत्तर देतो.

आधी असीरगड, कारण बुऱ्हाणपूरजवळचा हा फारुकींचा किल्ला आपल्या उंबऱ्यावरचा. १६००-०१ च्या वेढ्यात जेरोम झेवियर आणि बेनेडिक्ट द गोएस हे दोन जेझुइट अकबराच्या छावणीत होते, एवढं खरं. पण तिथे त्यांनी केलं काय? गड लढून पडेना, तेव्हा अकबराने त्यांना चौलच्या पोर्तुगीजांकडून तोफा आणि दारूगोळा मागवायला सांगितलं. झेवियरने नकार दिला आणि बादशहा भडकला. जेझुइटांच्या पत्रांवरून युरोपात छापलेल्या वृत्तांतात हे आहे. त्याच वृत्तांतानुसार सात पोर्तुगीज गडावर होते, तेही बहादूरशहा फारुकीच्या बाजूने! बहादूरशहाला अभयाची शपथ देऊन खाली बोलावलं आणि मग परत जाऊ दिलं नाही, हेही तिथेच लिहिलंय. अकबराचा दरबारी इतिहासकार अबुल फजल मात्र गडावरच्या रोगराईकडे बोट दाखवतो. कोणाचं किती खरं यावर इतिहासकार भांडतात. माझ्या मते बादशहाच्या आश्रयाला राहणाऱ्यांनी त्याच्याच शपथभंगाची नोंद करावी, ही फितुरीची खूण नव्हे. जानेवारी १६०१ मध्ये गड पडला तो अकबराच्या फौजेमुळे आणि डावपेचांमुळे.

आता गुप्त फौज. १५४० मध्ये पोप तिसऱ्या पॉलने या संघाला उघड मान्यता दिली. दारिद्र्य, ब्रह्मचर्य, आज्ञापालन आणि पोप पाठवील तिथे जाणं, ही त्यांची व्रतं छापील आहेत. पडद्याआडून जग चालवणाऱ्यांना पोर्तुगालने १७५९ मध्ये हाकललं असतं का? १७७३ मध्ये तर खुद्द पोपनेच संघ बरखास्त केला. त्यांचे प्रमुख लोरेन्झो रिची १७७५ मध्ये रोममध्ये कैदेतच वारले. संघ पुन्हा उभा राहिला तो १८१४ मध्ये.

मराठीचं म्हणाल तर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्यात आला, मराठी शिकला आणि दहा हजारांहून जास्त ओव्यांचं ‘क्रिस्तपुराण’ रचलं. १६१६ मध्ये ते गोव्यातल्या रायतूरला रोमन लिपीत छापलं गेलं. हेतू धर्मप्रसाराचाच होता, ते मी झाकत नाही. गोव्यातल्या साष्टीत १५६७ मध्ये देवळं पाडली गेली, तेव्हा तिथलं मिशन जेझुइटांकडे होतं. गोव्यात इन्क्विझिशन (पाखंड शोधून शिक्षा देणारं चर्चचं न्यायालय) आणा, असं फ्रान्सिस झेवियर या दुसऱ्या जेझुइटाने १५४६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला लिहिलं होतं. राग धरायचा तर यासाठी धरा, याला पुरावा आहे. मेसेजमध्ये नेमकं हेच नाही.

राहिलं नवापूर. तिकडे भिल्लांमध्ये काम केलेलं स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशन प्रोटेस्टंट होतं. पोपला न मानणाऱ्यांना पोपची फौज म्हणणं जमायचं नाही, काका.